इंजानपेठेचे विलायती आबा

मागच्या महिन्यात आमच्या समोरच्या उंच इमारतीत राहायला आलेल्या एका मुलीनं मला विचारलं, "काकू, बसचा कंडक्टर आपल्या स्टॉपला इंजानपेठ का म्हणतो? इथं इंजिन तर कुठंच दिसत नाही."

तिचं बरोबर होतं. सांगलीहून मिरजेकडे जाताना रस्त्याच्या डाव्या हाताला आमची पेठ लागते. सात गल्ल्या, एक मारुती, एक पिठाची गिरणी, एक केशकर्तनालय, आणि जिथं पूर्वी कारखाना होता तिथं आता तीन टॉवर. मी तिला पेठेची हकीकत सांगायला बसले आणि थोड्या वेळानं माझ्याच लक्षात आलं, की मी पेठेचं सांगतच नाहीये. मी आबांचं सांगतेय. आबांना जाऊन वर्ष होत आलं, पण पेठेतलं काहीही सांगायला गेलं की मध्ये तेच येऊन उभे राहतात. जिवंत असतानाही त्यांचं असंच होतं.

यशवंत सुतार हे त्यांचं नाव. पेठेत त्यांना कुणी आबा म्हणे, कुणी विलायती आबा. मी लग्न होऊन तासगावहून या पेठेत आले तेव्हा ते चाळिशीच्या आसपास असतील. आमचं घर आणि त्यांचं घर समोरासमोर, मध्ये गल्ली. पहिल्या दिवशी सकाळी मी उंबऱ्यावर रांगोळी काढत होते, तर समोरून एक उंच, मिशाळ गृहस्थ आले. अंगात खाकी शर्ट, खाली धोतर आणि डोक्यावर चपटी लोकरी टोपी. दिवस वैशाखातले होते. त्यांनी टोपीला बोट लावलं आणि म्हणाले, "आज हवा बरी हाय, न्हाई का?"

मी नवी नवरी, काय बोलणार? मान हलवली. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. तिसऱ्या दिवशीही तेच. वैशाखातल्या सांगलीत हवेत असा काय फरक पडणार होता? शेवटी मी आमच्या ह्यांना विचारलं. हे कारखान्यात लेथवर होते. ते हसले आणि म्हणाले, "अगं, ते ग्लासगोला राहून आलेत. तिकडं माणूस माणसाला भेटला की आधी हवेचं बोलतो म्हणे."

आबा ग्लासगोला गेले कसे, हे पेठेतल्या प्रत्येकाला पाठ होतं. आमचा कारखाना विहिरीवर बसवायची ऑइल इंजिनं करायचा. इंजिनाचे भाग बिडाचे ओतायचे, म्हणजे आधी लाकडाचा हुबेहूब नमुना करायचा, तो वाळूत दाबून साचा घ्यायचा आणि त्या साच्यात वितळलेलं बीड ओतायचं. तो लाकडी नमुना म्हणजे पॅटर्न. आबा पॅटर्न करणारे. कारखान्याच्या मालकांची ग्लासगोतल्या कुणा साहेबाशी ओळख होती. तिथं रेल्वेची इंजिनं बांधणारा मोठा कारखाना होता. मालकांनी ठरवलं की आपला एक माणूस तिथं शिकायला पाठवायचा. थोरल्या मिस्त्रींना विचारलं, तर त्यांनी बोटीचं नाव काढताच कानावर हात ठेवले. मग धाकटे कोण? यशवंत. वय विशीतलं, नुकतं लग्न झालेलं, आणि इंग्रजी येत नव्हतं ते नव्हतंच. आबा म्हणायचे, "मालकांनी इचारलं, जातोस का? मी म्हटलं, जातो. मग घरी येऊन इचारलं, ग्लासगो कुठं आलं?"

कुंडलच्या माहेरून आलेल्या ताराकाकींनी, म्हणजे त्यांच्या बायकोनं, शेंगदाण्याच्या चटणीचा डबा बांधून दिला आणि आबा बोटीत बसले. तिथं ते स्प्रिंगबर्न नावाच्या पेठेत उतरले. आबा त्याला पेठच म्हणत. दगडी चाळी, एकाच जिन्यावर आठ-आठ बिऱ्हाडं, चाळींच्या डोक्यावर कारखान्यांचा धूर. घरमालकीण एक विधवा बाई होती, मिसेस मॅकी. तिनं नाव विचारलं. आबांना घरात सगळे यश म्हणत, त्यांनी तेच सांगितलं. तिला वाटलं, हा 'यस' म्हणतोय. तिनं पुन्हा विचारलं, ह्यांनी पुन्हा सांगितलं. म्हातारीला वाटलं, गुणी मुलगा आहे, कशालाच नाही म्हणत नाही. तेव्हापासून ती त्यांना मिस्टर यस म्हणायची आणि न विचारता ताटात आणखी बटाटे वाढायची.

या गोष्टी दर वर्षी थोड्या वाढत. बर्फ मी पहिल्यांदा ऐकला तेव्हा घोट्यापर्यंत होता. मग तो गुडघ्यापर्यंत आला. एकदा गणपतीत आबा मांडवात सांगत होते, की कमरेएवढा बर्फ तुडवत कामावर जायचो, तर ताराकाकी भाजी निवडता निवडता मान वर न करता म्हणाल्या, "गेल्या साली गुडघ्याएवढा हुता." मांडव हसला. आबाही हसले आणि म्हणाले, "आगं, त्यानंतर अजून पडला."

पण एक गोष्ट त्यांनी कधी वाढवली नाही, कारण ती मुळातच मोठी होती. स्प्रिंगबर्नच्या कारखान्यात रेल्वेचं इंजिन तयार झालं, की ते मोठ्या गाड्यावर चढवून भर रस्त्यातून बंदरापर्यंत ओढत नेत. चाळींच्या खिडक्या माणसांनी भरून जात. बायका कामं टाकून दारात येत. ज्यांनी ते इंजिन केलं ते बाजूनं चालत. कुणी ओरडत नसे, नाचत नसे, नुसतं बघत. आबा म्हणायचे, "आपल्यात देव पालखीत बसून निघतो का न्हाई, तसं. पण देव त्यांनीच केल्याला."

ही गोष्ट त्यांच्या मनात इतकी बसली होती, की एके वर्षी त्यांनी ती इथं करून दाखवली. आष्ट्याकडच्या शेतकऱ्यांनी मिळून नदीचं पाणी वर उचलायला एक मोठं इंजिन सांगितलं होतं. कारखान्यानं तोवर केलेल्या सगळ्यांत ते दांडगं. ते मागच्या गेटनं ट्रकवर जायचं होतं. आबा मालकांकडे गेले आणि म्हणाले, हे पेठेतनं जाऊ दे. मालक म्हणाले, ट्रक गल्लीत वळणार नाही. आबा म्हणाले, बैलांच्या गाड्यावर मुख्य रस्त्यापर्यंत नेऊ, तिथं ट्रकवर चढवू. मालकांना त्यात काय वाटलं कुणास ठाऊक, पण ते हो म्हणाले.

तो दिवस मला लख्ख आठवतो. इंजिनाला हिरवा रंग, झेंडूची माळ, पुढं बॅंड, आणि बॅंडच्याही पुढं टोपी घालून आबा. घराघरांतून बायकांनी पाणी ओतून रस्ता थंड केलेला. सगळं झोकात चाललं होतं आणि दिगूच्या केशकर्तनालयासमोर गटारावरची फरशी कचकन मोडली. गाड्याचं मागचं चाक आत गेलं. बैल जागचे हलेनात. बॅंडवाल्यांना काय करावं कळेना, म्हणून ते वाजवतच राहिले. आबांनी दोर मागवले. फौंड्रीतले लोक लागले, मशीन शॉपमधले लागले, हिशेबनीस लागले. दिगू वस्तरा ठेवून बाहेर आला, आणि त्याच्या खुर्चीत बसलेलं गिऱ्हाईकही आलं, अर्धी दाढी झालेली, अर्ध्या गालावर फेस. इंजिन हलेना. तेव्हा ताराकाकींनी पदर खोचला आणि दोराला हात घातला. त्यांच्यामागं आम्ही सगळ्या. एका दणक्यात चाक वर आलं. इतका आनंद झाला, की काही लोक मागं पडले ते हसतच पडले. फेसवाल्या गृहस्थांनी उरलेली दाढी तशीच ठेवून मुख्य रस्त्यापर्यंत इंजिनाला सोबत केली.

त्यानंतर प्रत्येक मोठं इंजिन पेठेतूनच निघायचं. गटारावर आधी पत्रे टाकायचे, एवढं सगळे शिकले. भोंगा झाला की पेठ उठायची, भोंगा झाला की जेवायची. शेतकरी जोडीनं यायचे, इंजिनाला हळदकुंकू लावायचे, नारळ फोडायचे आणि जाताना दिगूकडे दाढी करून जायचे. पेठेत तेव्हा एवढं चलन होतं, की दिगूनं तिसरी खुर्ची टाकली.

आबांबरोबर रस्त्यानं चालणं हा मात्र एक त्रास होता. बिडाचं काही दिसलं, की ते थांबत. कठडा असो, नळाचं झाकण असो, गटाराचं झाकण असो. बोटानं टिचकी मारायचे, कान लावायचे, कुणी ओतलंय ते वाचायचे. एकदा मिरजेत एका लग्नाला आम्ही दोन्ही घरं निघालो आणि अक्षता चुकल्या, कारण आबा स्टेशनाबाहेरच्या एका झाकणावर वाकले होते. ताराकाकी त्यांना म्हणाल्या, "आवं, नवरानवरी झाकणाखाली न्हाईत."

आणि धंद्याची एक सवय त्यांच्या अंगात मुरली होती. बीड निवलं की आकसतं, म्हणून पॅटर्न नेहमी थोडा मोठा करायचा. आबांनी हे सगळ्या आयुष्याला लावलं. नातीला झबलं शिवायचं तर थोडं मोठं. पंगतीला भात लावायचा तर थोडा जास्त. मी पेठेत बालवाडी सुरू केली तेव्हा खोली बघायला आले आणि म्हणाले, "मास्तरीणबाई, शेजारची खोली बी घ्या. आत्ता मोठी वाटंल." मी घेतली. दोन वर्षांत ती भरली.

मग दिवस फिरले. विहिरीवर वीज आली, विजेचे पंप आले, पुढं बोअरमध्ये सोडायचे पंप आले. ऑइल इंजिन कुणी विचारेना. थोरले मालक गेले. कारखान्यात आधी रात्रपाळी बंद झाली, मग दुपारची. मोठं इंजिन शेवटचं कधी निघालं ते कुणाच्या लक्षातही राहिलं नाही. आणि एके दिवशी सकाळी भोंगा झालाच नाही.

मला वाटलं होतं, आबा खचतील. कारण स्प्रिंगबर्नच्या गोष्टीचा एक शेवट होता आणि तो ते क्वचितच सांगत. ते तिथं असतानाच तो कारखाना बंद पडला होता. वाफेच्या इंजिनांचे दिवस संपले होते. आबांनी त्या लोकांना शेवटचं गेटाबाहेर पडताना पाहिलं. पुढं मिसेस मॅकी पत्रं पाठवायची, त्यातून कळत गेलं. आधी केस कापणारा गेला. मग बेकरी. मग चाळीच पाडल्या, माणसं लांब-लांबच्या उंच इमारतींत पांगली आणि पेठेतून मोठा रस्ता काढला. मग पत्रंही थांबली. "मेली ती पेठ," आबा एवढंच म्हणायचे आणि टोपी पुढं ओढायचे.

भोंगा झाला नाही त्या सकाळी आबा नेहमीच्या वेळेला घरातून निघाले. गेटाकडे वळले नाहीत. दिगूच्या दुकानात जाऊन खुर्चीत बसले. दिगू म्हणाला, आबा, परवाच तर कापलेत. आबांच्या डोक्यावर तोवर कापण्यासारखं फारसं उरलंही नव्हतं. ते म्हणाले, "मग मिश्या बघ. पण कात्री वाजू दे."

त्या दिवसापासून त्यांनी सगळ्यांना वेठीला धरलं. ज्याची दाढी वाढलेली दिसेल त्याला हाताला धरून दिगूकडे. जो सांगलीत गावात जाऊन केस कापून येई त्याला चारचौघांत विचारत, की गड्या, तिकडचा न्हावी केस कापताना गाणी म्हणतो काय? लोक हसत, चिडत, पण जात. पिठाच्या गिरणीचंही तसंच. ताराकाकी पावशेर दळणासाठी रोज गिरणीत जाऊ लागल्या. एकदा त्या मला म्हणाल्या, "ह्या माणसापायी मी दळलेलं पीठ परत दळून आणलंय." खरं-खोटं त्यांनाच माहीत. पण दिगूचं दुकान राहिलं, गिरणीही राहिली.

पुष्कळ घरं मात्र पुण्याला, चाकणला गेली. जिथं कारखाने होते तिथं. आबा एकालाही जाऊ नको म्हणाले नाहीत. सामानाच्या टेम्पोला हात लावून उभे राहत आणि एकच बजावत, की खंडेनवमीला यायचं, आपलं हत्यार घेऊन.

कारखान्यात खंडेनवमी मोठी असायची. सगळी यंत्रं धुऊन, पुसून, फुलं वाहून पूजा व्हायची. बंद पडल्यावरची पहिली खंडेनवमी आली तेव्हा कुणाला वाटलं नव्हतं, की लोक येतील. आले. कुणी एस्टीनं, कुणी मोटरसायकलवर, पिशवीत कानस, हातोडा, पाना. आमच्या ह्यांनी बारीक मापं घ्यायचा व्हर्नियर कपाटातून काढला. आबांनी आपली लाकूड तासायची पटाशी घेतली. गेटाला कुलूप होतं आणि वॉचमन म्हणाला, इथं गर्दी करायची नाही, वरून हुकूम आहे. आबांनी त्याला समजावलं, की आम्हाला आत यायचंच नाही. गेटाच्या अलीकडं रस्ता आहे आणि रस्ता पेठेचा आहे. दोन स्टुलांवर फळी टाकली, फळीवर हत्यारं मांडली, पूजा झाली. नारळ फुटला तेव्हा वॉचमन पुढं आला आणि गुपचूप आपली काठी आणि शिट्टी फळीच्या टोकाला ठेवून गेला. आबांनी त्यांनाही हळदकुंकू लावलं.

असं बरीच वर्षं चाललं. मग कारखान्याची जागा विकली गेली. शेड पाडल्या तेव्हा आबा पंधरवडाभर त्या बाजूला फिरकले नाहीत, मारुतीला जायचं तर मागच्या गल्लीनं जात. टॉवर उभे राहिले. लोक राहायला आले. आबा त्यांना 'वरची माणसं' म्हणत आणि सगळ्या पेठेला हवा कशी आहे ते विचारणारा हा माणूस त्यांच्याशी मात्र एक अक्षर बोलत नसे.

त्या वर्षी खंडेनवमीला फळी मांडली आणि टॉवरमधले निकम म्हणून एक निवृत्त बॅंक अधिकारी खाली आले. गाडी बाहेर काढायची होती. ते फार वाईट बोलले असं नाही. एवढंच म्हणाले, की तुमचं जे काही असेल ते फाटकासमोर कशाला, आणि इथं याचा संबंध काय? आबांनी पटाशी उचलली, फडक्यात गुंडाळली आणि घरी गेले. पुढच्या वर्षी पुण्याहून फोन आले, आबा, येऊ ना? आबा म्हणाले, नका येऊ. आता झालं स्प्रिंगबर्न.

ते घरात बसून राहू लागले. टोपी खुंटीवर. सकाळी मी दारात दिसले तरी हवेचं काही बोलत नसत, आणि मला ते चैन पडू देईना. शेवटी ताराकाकींनीच मार्ग काढला. त्यांची नात प्राजक्ता एडिंबराला कॉम्प्युटरच्या नोकरीत होती. ग्लासगो तिथून रेल्वेनं तासाभरावर. काकींनी तिला फोनवर सांगितलं, "तुझ्या आज्याला एकदा तिकडं ने. पन्नास वर्षं तिथलं भूत मानेवर घेऊन फिरतोय, ते तिथंच उतरवून आण." स्वतः मात्र गेल्या नाहीत. त्यांचे गुडघे आणि विमानाच्या खुर्च्या यांचं जमणार नाही, असं त्यांचं म्हणणं.

ऐंशीच्या घरातला माणूस, पण गेला. टोपी घालून गेला. महिन्यानं परत आला आणि त्याच संध्याकाळी आमच्या ओट्यावर येऊन बसला. मला वाटलं, आता बर्फ गळ्यापर्यंत येणार. पण आबांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. मग सांगायला लागले.

प्राजक्तानं त्यांना स्प्रिंगबर्नला नेलं होतं. काहीच ओळखू येईना. मिसेस मॅकीची चाळ होती तिथून मोटारी पळत होत्या. आबा एका बसस्टॉपवर बसले, आणि शेजारी एक म्हातारी बसली होती तिला, सवयीनं, म्हणाले की आज हवा बरी आहे. तिचा चेहरा खुलला. बोलणं सुरू झालं. आबांचं इंग्रजी म्हणजे तुटकंच, पण तिथलं. प्राजक्ता म्हणे, त्या दोघांचं काय चाललं होतं ते तिला निम्मंसुद्धा कळलं नाही. म्हातारीनं विचारलं, कुठं निघालात? आबा म्हणाले, इथंच आलो होतो, पण इथं आता काही नाही. तिनं घड्याळ बघितलं आणि म्हणाली, चला माझ्याबरोबर.

एका साध्या हॉलमध्ये तिनं त्यांना नेलं. आत वीस-पंचवीस माणसं, बहुतेक म्हातारी, काही तरुण. दर आठवड्याला जमतात, चहा पितात. चहा द्यायला एक तरुण बाई होती, आफ्रिकेतल्या कुठल्याशा देशातून लढाईमुळं पळून आलेली. ती कप घेऊन आबांसमोर आली आणि नवा माणूस दिसतोय म्हणून, यजमानीण सांगते तसं सांगायला लागली.

 पुढचं मला त्यांच्याच शब्दांत आठवतं.

"ती मला सांगाय लागली मास्तरीणबाई, की ह्या रस्त्यावनं इंजानं जायची. मानसं खिडकीत हुबी ऱ्हायाची. तिचा जलम बी झाला नव्हता तवा. तिचा देश कुठं, ही पेठ कुठं. पण सांगत हुती अशी, जशी तिच्या बापानंच केल्यात इंजानं. मी म्हटलं, बाई, मी बघितल्यात. तशी कप तिच्या हातातच ऱ्हायला."

मग सगळ्या हॉलनं त्यांना मध्ये बसवलं. त्यांनी सांगितलं, लोकांनी सांगितलं. मिसेस मॅकीला ओळखणारं कुणी निघालं नाही, पण मिस्टर यसचा किस्सा ऐकून ती सगळी माणसं डोळे पुसेपर्यंत हसली.

"पन्नास वर्षं मी खोटं सांगत हुतो," आबा म्हणाले. "ती पेठ मेली न्हाई. म्हातारी झाली एवढंच. आन् त्या पोरीला कुणीतरी बसवून सांगितलं, म्हणून ती तिची झाली. आमी आमच्या वरच्या मानसास्नी काय सांगितलं? कायसुदिक न्हाई. तो निकम इचारत हुता संबंध काय, आन् मी पटाशी घेऊन घरात जाऊन बसलो."

दुसऱ्या दिवशी सकाळी ते टॉवरच्या फाटकात उभे राहिले. कामाला निघालेल्या प्रत्येक गाडीच्या काचेत वाकून ते हवेबद्दल बोलत होते. काही लोक घाबरले. काहींना वाटलं, वर्गणी हवी असेल. निकमांची गाडी आली तेव्हा आबांनी त्यांना खाली उतरायला लावलं, फाटकाच्या आत नेलं आणि जमिनीकडे बोट दाखवून म्हणाले, तुम्ही गाडी लावता तिथं आमची भट्टी होती. निकमांनी विचारलं, कसली भट्टी? झालं. निकम त्या दिवशी बाहेर जाऊ शकले नाहीत. दुपारी मी भाजी आणायला गेले तर दोघं दिगूच्या दुकानासमोर उभे होते आणि आबा हातवारे करून गटारात चाक कसं गेलं ते दाखवत होते. निकम गटारात वाकून बघत होते.

त्या वर्षी खंडेनवमीला पुण्या-चाकणची माणसं आली आणि वरचीही उतरली. आबांनी घरोघर जाऊन सांगितलं होतं, की पोट ज्याच्यावर चालतं ते घेऊन या. फळी पुरेना. दोन दारं आडवी टाकली. कानशी-हातोड्यांशेजारी लॅपटॉप, एका डॉक्टरीणबाईचा स्टेथोस्कोप, कुणाची शिवणयंत्राची बॉबिन, कुणाचा डोशाचा तवा. निकम रिकाम्या हातानं आले. म्हणाले, मी निवृत्त, माझ्याकडं काय असणार? आबा म्हणाले, बॅंकेत सही करत हुता ते पेन असंल की. निकम वर गेले आणि पेन घेऊन आले. पूजा चालू असताना ते माझ्या शेजारीच उभे होते. नव्यानं आलेल्या एका जोडप्याला ते हलक्या आवाजात सांगत होते, की बैल हलेनात म्हटल्यावर बायकांनी पदर खोचले. आबांनी ते ऐकलं आणि मुद्दाम तोंड दुसरीकडं फिरवलं.

त्यानंतर आबांचं जाणं-येणं टॉवरमध्ये वाढलं. ताराकाकी म्हणायच्या, जेवायला फक्त खाली येतात. गेल्या वर्षी थंडीच्या दिवसांत एका सकाळी निकमांनी आम्हा दोन्ही घरांना सातव्या मजल्यावर चहाला बोलावलं. ताराकाकी आधीच वर गेल्या होत्या. आमचे हे रिक्षेतून फळं घेऊन यायचे होते, म्हणून मी खाली थांबले. आबा आले. स्वच्छ धोतर, टोपी, मिश्या दिगूकडून नुकत्याच कोरून आणलेल्या. ते लिफ्टमध्ये शिरले. आत तिसऱ्या मजल्यावरचा एक तरुण होता, कानात काहीतरी घातलेला.

आबांनी लिफ्टच्या भिंतीला टिचकी मारली आणि त्या तरुणाला विचारलं, ही वर कशी जाती ठाऊक हाय का? त्यानं कानातलं काढलं. म्हणाला, मोटरवर. आबा म्हणाले, मोटर हाय, पण तिच्या जिवावर न्हाई. आपण वर निघालो, की पल्याड एक वजन खाली येतंय. ओतलेलं बीड. दिसत न्हाई, पण हाय.

तरुण म्हणाला, खरंच? आणि त्यानं दार मिटायच्या बटणावरचं बोट काढून घेतलं. आबांनी मला हात केला, या म्हणून. मी म्हटलं, तुम्ही व्हा पुढं. दार सरकत मिटलं. मिटतानाही ते बोलत होते. मग लिफ्ट निघाली आणि मी खाली उभी राहून ऐकत राहिले. पहिल्या मजल्यावर आवाज स्पष्ट होता, वाळू कशी चाळतात ते चाललं होतं. दुसऱ्यावर नुसताच सूर लागत होता. तिसऱ्यावर दार उघडल्याचं ऐकू आलं, पण कुणी उतरलं नाही. दार पुन्हा मिटलं, आणि आबा त्याला घेऊन वर गेले.